झाक बेकेर : दोन घटनांच्या मधला वेळ टिपणारा दिग्दर्शक

सांजवात

फ्रेंच चित्रपटांविषयी मराठीत बोलणे निघते तेव्हा ते बहुधा झाँ रन्वारपासून सुरू होते आणि तिथून थेट त्रुफो-गोदार या जुनी रीत मोडणाऱ्या ‘नव्या लाटे’च्या दिग्दर्शकांपाशी पोहोचते. या दोन मुक्कामांच्या मध्ये जवळजवळ वीस वर्षे आहेत, आणि त्याच वीस वर्षांत झाक बेकेर या दिग्दर्शकाने आपले सगळे महत्त्वाचे काम केले. 1942 ते 1960 या काळात त्याने 13 पूर्ण लांबीचे चित्रपट केले. गेले वर्षभर मी ते मिळतील तसे पाहत आलो आहे आणि काही दोन-तीनदा पाहिले आहेत. आपल्याकडे त्याच्याविषयी फारसे लिहिले गेलेले नाही, म्हणून हा धागा काढतो आहे. चित्रपटांचे शेवट मी शक्यतो सांगणार नाही. एका ठिकाणी मात्र तो सांगितल्यावाचून गत्यंतर नाही, तिथे तशी सूचना देईन.

बेकेरचा जन्म 15 सप्टेंबर 1906 रोजी पॅरिसमध्ये झाला. घर खाऊनपिऊन सुखी होते. तरुणपणी त्याला जाझचे वेड होते आणि फ्रान्स-अमेरिका प्रवास करणाऱ्या बोटीवर नोकरी करत असताना त्याची किंग व्हिडोर या अमेरिकी दिग्दर्शकाशी ओळख झाली होती. पण त्याची खरी शाळा झाँ रन्वार हीच. 1930 च्या दशकात बेकेर रन्वारचा सहायक होता आणि रन्वारचे आज अभिजात मानले जाणारे अनेक चित्रपट त्याच्या डोळ्यांसमोर घडले. ‘ला ग्रांद इल्युझियों’ या 1937 च्या चित्रपटात तो क्षणभर पडद्यावरही दिसतो : आपले घड्याळ जर्मनांच्या हाती पडू नये म्हणून ते बुटाखाली चिरडणारा इंग्रज अधिकारी म्हणजे बेकेर. पुढे ज्याने वेळ या गोष्टीकडे इतक्या निष्ठेने पाहिले, त्याचे पडद्यावरचे हे रूप माझ्या मनातून जात नाही.

स्वतंत्र दिग्दर्शक म्हणून त्याची सुरुवात खडतर होती. 1939 मध्ये हाती घेतलेला पहिला मोठा चित्रपट त्याने अर्धवट सोडला आणि तो दुसऱ्याने पुरा केला. मग युद्ध आले आणि बेकेर सुमारे वर्षभर जर्मनांच्या युद्धबंदी छावणीत होता. परतल्यावर व्यापलेल्या फ्रान्समध्ये 1942 साली त्याने ‘दर्निए आतू’ हा गुन्हेपट केला आणि त्याच्या पुढच्याच वर्षी ‘गूपी मँ रूज’. हा दुसरा चित्रपट मराठी वाचकाला चटकन आपलासा वाटेल. खेड्यातले एक मोठे कुटुंब, सगळ्यांचे आडनाव गूपी, त्यामुळे ओळखायचे ते टोपणनावाने : कुणी ‘लालहात्या’, कुणी ‘तोंकिन’ कारण तो वसाहतीत नोकरी करून आला, आणि शंभरी उलटलेला म्हातारा म्हणजे ‘सम्राट’. पॅरिसच्या दुकानात काम करणारा मुलगा घरी येतो, घरात खून होतो, म्हाताऱ्याने लपवलेल्या सोन्याचा शोध सुरू होतो. आपल्याकडे एका आडनावाचे अर्धे गाव असले की जे घडते तेच इथे आहे. पण बेकेरचा जीव खुनाच्या उलगड्यात नाही. ही माणसे जेवायला कुठे कशी बसतात, कोण कुणाला विचारल्याशिवाय खोलीत शिरते, पैशाचा विषय निघाला की कोण गप्प होते, याकडे त्याचे लक्ष आहे.

त्याच्या कामाचे मर्म मला इथेच दिसते. बहुतेक दिग्दर्शक घटनेकडून घटनेकडे जातात. बेकेर दोन घटनांच्या मधल्या वेळात थांबतो. माणसे कपडे घालत असतात, दात घासत असतात, वाट पाहत असतात, हाताने काही काम करत असतात, आणि कॅमेरा तिथून हलत नाही. हा संथपणा नव्हे. त्याचे चित्रपट चांगलेच वेगवान आहेत. पण माणूस कोण आहे हे त्याच्या निर्णयापेक्षा त्याच्या सवयींतून अधिक कळते, असा बेकेरचा विश्वास दिसतो.

युद्धानंतरच्या चित्रपटांवर मी भरभर जातो. ‘फाल्बाला’चे चित्रीकरण 1944 चे, प्रदर्शन 1945 चे. पॅरिसमधल्या एका उंची वस्त्रगृहाची आणि त्याच्या स्वार्थी, प्रतिभावान मालकाची ही कथा आहे. ‘आंत्वान ए आंत्वानेत’ (1947) हा छापखान्यात काम करणारा तरुण आणि मोठ्या दुकानात काम करणारी त्याची बायको यांच्या हरवलेल्या लॉटरीच्या तिकिटाविषयी आहे, आणि त्याला त्या वर्षी कान महोत्सवात पारितोषिक मिळाले. ‘रांदेव्हू द झ्युइये’ (1949) मध्ये सँ-झेर्मँ-दे-प्रे भागातली जाझवेडी तरुण मुले आहेत. त्याला लुई देल्युक पारितोषिक मिळाले. ‘एदुआर ए कारोलिन’ (1951) ही एका गरीब पियानोवादकाची आणि त्याच्या बायकोची एका संध्याकाळची गोष्ट. श्रीमंत मामाकडे मैफल आहे, जाकिटाचा पत्ता नाही, आणि तिने जुन्या झग्याला कात्री लावली म्हणून भांडण पेटते. जवळजवळ सगळा चित्रपट दोन घरांत घडतो आणि एवढ्या सामग्रीवर तो दीड तास आपल्याला बांधून ठेवतो.

त्यानंतरच्या तीन चित्रपटांवर मात्र सविस्तर लिहायला हवे.

‘कॅस्क दॉर’ (1952) म्हणजे सोन्याचे शिरस्त्राण. मारीच्या सोनेरी केसांच्या अंबाड्यावरून तिला पडलेले हे नाव. विसाव्या शतकाच्या आरंभी पॅरिसच्या गुंड टोळ्यांमध्ये एका तरुणीवरून झालेल्या खऱ्या संघर्षावर कथा बेतलेली आहे. सिमोन सिन्योरे मारी आहे आणि सेर्झ रेज्यानी हा मांदा, तुरुंगातून सुटून सुतारकामाला लागलेला. मांदा अत्यंत कमी बोलतो. नदीकाठच्या नाचघरात दोघांची पहिली भेट होते तेव्हा ती दुसऱ्याबरोबर नाचताना दर गिरकीला मान वळवून त्याच्याकडे पाहते, आणि पुढचे सगळे त्या नजरेत ठरून जाते. मग दोघे गावात काही दिवस एकत्र काढतात. एका सकाळी वाटेवरच्या देवळात कुणाचे तरी लग्न लागत असते. मारीला ते पाहायचे असते, मांदाला नसते, आणि ती त्याला हाताला धरून आत नेते. कथेच्या दृष्टीने हा प्रसंग गाळला तरी काही बिघडणार नाही. परंतु चित्रपट संपल्यावर आठवत राहतो तो हाच.

‘तुशे पा ओ ग्रिझ्बी’ (1954) मध्ये झाँ गाबँ हा पन्नाशीकडे झुकलेला मॅक्स नावाचा सभ्य दिसणारा दरोडेखोर आहे. शेवटचा मोठा डल्ला मारून झालेला आहे, सोने लपवलेले आहे, आता निवृत्त व्हायचे. दरोडा चित्रपटात दिसतच नाही, तो आधीच होऊन गेला आहे. मॅक्सचा जिगरी दोस्त रितों एका तरुण नाचणाऱ्या मुलीजवळ, म्हणजे झान मोरोजवळ, फुशारकी मारून बसतो आणि प्रतिस्पर्धी टोळीला सुगावा लागतो. मॅक्स त्याला आपल्या गुप्त घरी नेतो. आता योजना, धावपळ असे काही येईल असे आपल्याला वाटते. मॅक्स कपाटातून कुरकुरीत टोस्ट आणि मांस वाटून केलेला ‘पाते’ हा पदार्थ काढतो, व्हाइट वाइनची बाटली उघडतो. दोघे जेवतात. मग तो मित्राला पायजमा आणि दात घासायचा ब्रश देतो. रितों आरशासमोर उभा राहून डोळ्यांखालची सैल पडलेली कातडी बोटांनी चाचपतो. दोन म्हातारे होत चाललेले गुंड झोपायच्या तयारीला लागतात आणि त्या चार-पाच मिनिटांत त्यांची आयुष्यभराची मैत्री आपल्याला कळते. पुढे मॅक्स सोने आणि मित्र यांतून जी निवड करतो ती खरे म्हणजे या खोलीतच झालेली असते.

आणि ‘ल त्रू’ (1960), म्हणजे भोक. पॅरिसच्या ला सांते तुरुंगात 1947 साली काही कैद्यांनी भुयार खोदून पळण्याचा प्रयत्न केला होता. त्या प्रयत्नातला एक कैदी, झोझे जिओव्हानी, याने पुढे त्यावर कादंबरी लिहिली आणि पटकथेतही काम केले. बेकेरने प्रमुख भूमिकांसाठी नावाजलेले नट घेतले नाहीत. पळण्याच्या योजनेचा सूत्रधार रोलां याची भूमिका झाँ केरोदी याने केली आहे, आणि केरोदी हा त्या खऱ्या प्रयत्नातला सहभागी होता. चित्रपट सुरू होताना तो मोटार दुरुस्त करता करता कॅमेऱ्याकडे वळतो आणि आपल्या मित्राने जी कथा चित्रित केली आहे ती आपलीच आहे, असे सांगतो.

कोठडीच्या फरशीत पहिले भोक पाडण्याचा प्रसंग आहे. लोखंडी खाटेचा दांडा उपटून त्याची पहार केलेली, फळ्या काढल्यावर खाली काँक्रीट. तुरुंगात कुठे दुरुस्तीची ठोकाठोक चालू आहे, तिच्या आडोशाने घाव घालायचे. बेकेर कॅमेरा फरशीवर रोखतो आणि जवळजवळ चार मिनिटे दृश्य मध्ये कुठेही न कापता दाखवत राहतो. एक दमला की दुसरा पहार घेतो. आधी नुसते पांढरे ओरखडे उठतात, मग खपली निघते, मग खड्डा. संगीत नाही, साऱ्या चित्रपटातच शेवटच्या नामावलीपर्यंत ते नाही. प्रत्येक घाव इतका मोठा वाजतो की आता कुणीतरी येणार अशी धास्ती आपल्याला वाटते.

21 फेब्रुवारी 1960 रोजी, वयाच्या 53 व्या वर्षी, बेकेर गेला. ‘ल त्रू’ 18 मार्चला प्रदर्शित झाला. गोदारचा पहिला चित्रपट पॅरिसमध्ये 16 मार्चला झळकला होता. दोन दिवसांच्या त्या अंतरात बेकेरच्या विस्मरणाचे अर्धे कारण असावे असे मला वाटते.

केतकी_पाने

लेख अतिशय आवडला. मी बेकेरचे फक्त दोन चित्रपट पाहिले आहेत, त्यामुळे कथनाविषयी बोलत नाही. एका नावाची भर मात्र घालते. मार्गरित रन्वार. तिचे मूळ आडनाव उले. 1930 च्या दशकात ती झाँ रन्वारची संकलक होती आणि सहचारिणीही. दोघांचे लग्न झाले नव्हते, पण ती त्याचे आडनाव लावत असे. वेगळे झाल्यावरही तिने ते नाव ठेवले आणि पुढे बेकेरच्या बहुतेक चित्रपटांचे संकलन तिनेच केले, ‘कॅस्क दॉर’, ‘ग्रिझ्बी’ आणि ‘ल त्रू’ यांसह.

आपण म्हणता तो ‘दोन घटनांमधला वेळ’ चित्रीकरणात जितका घडतो तितकाच संकलनाच्या टेबलावर घडतो. पायजम्याचा प्रसंग कुणीही कापला असता. तो किती वेळ ठेवायचा, रितों आरशात पाहतो तिथून केव्हा निघायचे, हे ठरवणारी नजर तिचीही होती. रन्वार ते बेकेर हा धागा आपण गुरू-शिष्य असा सांगतो, तो मार्गरितच्या हातूनही गेला आहे, एवढेच मला नोंदवायचे आहे.

सांजवात

केतकीताई, मनापासून आभार. हे नाव मूळ लेखातच यायला हवे होते. ‘एदुआर ए कारोलिन’च्या बाबतीत अशीच आणखी एक नोंद करतो : त्याच्या पटकथेत आनेत वादमां या तरुण लेखिकेचा मोठा वाटा आहे, आणि 1953 च्या ‘र्यू द लेस्त्रापाद’मध्येही. नवरा-बायकोच्या भांडणात कारोलिनची बाजू इतकी नेमकी उतरते, याचे श्रेय तिला द्यायला हवे.

दगडी_पाटी

मी थोडा विरोधी सूर लावतो, राग नसावा. तेरा चित्रपटांपैकी आपण तीन-चारांवर भरभरून लिहिले आणि बाकीचे एका परिच्छेदात उरकले. ‘अली बाबा ए ले कारांत व्होलर’ (1954) आणि ‘आर्सेन ल्युपँ’ (1957) यांचे तर नावही घेतले नाही. ‘अली बाबा’ मी पाहिला आहे. मोरोक्कोत केलेले चित्रीकरण, फर्नांदेलचे विनोदी अभिनेता म्हणून असलेले नाव आणि मोठा खर्च यापलीकडे त्यात मला काही सापडले नाही. मग बेकेर हा स्वतःची दृष्टी असलेला दिग्दर्शक होता की मिळेल ते काम नीट करणारा उत्तम कारागीर, हा प्रश्न उरतोच. उत्तम कारागीर असणे कमीपणाचे आहे असे मला म्हणायचे नाही.

सांजवात

राग कसला, हा प्रश्न बेकेरच्या हयातीतच विचारला गेला होता आणि चित्रपटसमीक्षेच्या इतिहासात त्याला विशेष जागा आहे. 1955 च्या फेब्रुवारीत फ्रान्स्वा त्रुफोने ‘काये द्यु सिनेमा’ या मासिकात नेमक्या ‘अली बाबा’वर लेख लिहिला. पहिल्यांदा पाहिल्यावर तो निराश झाला होता हे त्याने लपवले नाही, तरीही त्याने चित्रपटाची बाजू घेतली, आणि ती घेताना दिग्दर्शक हाच चित्रपटाचा कर्ता ही आपली भूमिका शीर्षकातच मांडली. पुढे जगभर गाजलेल्या त्या सिद्धांताच्या सुरुवातीच्या मांडणीत बेकेरचा एक दुबळा चित्रपट उदाहरण म्हणून उभा आहे.

माझे मत विचाराल तर ‘अली बाबा’च्या बाबतीत मी आपल्या बाजूला आहे. त्रुफोचा आग्रह मला निष्ठेचा वाटतो, पटत नाही. पण ‘कारागीर’ या शब्दावर मी थोडा वेळ थांबेन. बेकेरच्या चित्रपटांत कारागीर सतत येतात. मांदा सुतार आहे, आंत्वान छापखान्यात आहे, ‘फाल्बाला’त शिवणाऱ्या बायका आहेत, ‘ल त्रू’मधला रोलां तर हातांनी विचार करणारा माणूस आहे. औषधाच्या दोन बाटल्या आणि वाळू यांतून तो वेळ मोजायचे घड्याळ करतो. आरशाचा तुकडा दात घासायच्या ब्रशला बांधून तो दाराच्या भोकातून बाहेर काढतो आणि बोळातला पहारेकरी पाहतो. माणसाच्या हाताच्या कामाविषयीचा हा आदर इतक्या वेगवेगळ्या कथांतून सारखा दिसत असेल, तर त्याला दृष्टी म्हणायला माझी हरकत नाही.

माजघर

‘फाल्बाला’ एका ओळीत उरकल्याबद्दल माझीही तक्रार आहे. मी शिवणकामाच्या व्यवसायात आहे आणि हा चित्रपट मी त्याच कारणाने शोधून पाहिला. झाँ-पोल गोतिए या प्रसिद्ध फॅशन डिझायनरने अनेकदा सांगितले आहे की लहानपणी हा चित्रपट पाहून आपल्याला या धंद्यात यावेसे वाटले. चित्रपटातले कपडे मार्सेल रोशास या नामवंत वस्त्रकाराच्या घराचे आहेत.

मला त्यात पटले ते वेगळेच. मालक क्लॅरांस स्फूर्ती आली की कापड मुलीच्या अंगावर टाकतो आणि टाचण्या लावत सुटतो. ते पाहायला देखणे आहे. परंतु त्यानंतर कॅमेरा वरच्या मजल्यावर जातो, जिथे बायका दाटीवाटीने बसून ते प्रत्यक्षात शिवतात, आणि त्याच्या लहरीप्रमाणे उसवून पुन्हा शिवतात. मालकाच्या मनातले प्रेम बदलले की वरच्या मजल्यावरची रात्रपाळी वाढते, हे इतक्या साधेपणाने मी दुसऱ्या कोणत्याही चित्रपटात पाहिलेले नाही. पॅरिस जर्मनांच्या ताब्यात होते आणि कापडावर रेशनिंग होते, त्या दिवसांत हे चित्रित झाले, ही गोष्टही पाहताना मनात ठेवावी.

सांजवात

माजघर, आपल्या प्रतिसादानंतर मी काल रात्री ‘फाल्बाला’ पुन्हा सुरू केला. वरच्या मजल्याचे आपले निरीक्षण मला पहिल्या वेळी सुटले होते. तक्रार मान्य.

नदीकाठ

‘कॅस्क दॉर’विषयी एक प्रश्न आहे. हा चित्रपट आज बेकेरचा सर्वोत्तम मानला जातो, परंतु प्रदर्शित झाला तेव्हा फ्रान्समध्ये तो चालला नाही असे वाचले. असे का झाले असावे? शेवटाविषयीही लिहावे अशी विनंती आहे, कारण मला तो नीट उलगडला नाही.

सांजवात

(इथे ‘कॅस्क दॉर’चा शेवट सांगितला आहे. ज्यांनी पाहिला नसेल त्यांनी हा प्रतिसाद ओलांडून पुढे जावे.)

होय, फ्रान्समध्ये स्वागत थंड झाले. इंग्लंडमध्ये मात्र त्याचे कौतुक झाले आणि सिन्योरेला ब्रिटिश अकादमीचे सर्वोत्तम परदेशी अभिनेत्रीचे पारितोषिक मिळाले. फ्रान्समधल्या अपयशाचे कारण म्हणून मी माझा अंदाज सांगतो. जुन्या पॅरिसच्या गुंडांचा चित्रपट म्हटल्यावर प्रेक्षकांना चटपटीत संवाद आणि रंगेल वातावरण अपेक्षित होते. मांदा तर दहा वाक्येही धड बोलत नाही. जिथे भाषण यायला हवे तिथे बेकेर एक चेहरा दाखवतो.

आता शेवट. टोळीचा म्होरक्या लेका हा मांदाच्या जिवलग मित्राला, रेमोंला, मांदाने केलेल्या हत्येत अडकवतो. मित्राचा जीव वाचावा म्हणून मांदा नदीकाठचे सुख सोडून स्वतःहून पोलिसांच्या स्वाधीन होतो. पुढे निसटतो, रेमों जखमी होऊन मरतो, आणि मांदा लेकाला पोलीस चौकीच्या आवारात गोळ्या घालतो. इतिहासातल्या खऱ्या मांदाला गियानातल्या वसाहतीत सक्तमजुरीची शिक्षा झाली होती. बेकेर त्याला गिलोटिनखाली पाठवतो.

पहाटे मारी तुरुंगासमोरच्या एका स्वस्त खोलीत येते. या खोलीची खिडकी वधस्तंभाच्या बाजूला उघडते, एवढ्याचसाठी ती घेतलेली आहे. ती खिडकीशी उभी राहते. आपण खाली काय घडते ते अगदी थोडे पाहतो आणि मग फक्त तिचा चेहरा पाहतो. तिची मान खाली जाते. त्यानंतर बेकेर आपल्याला परत त्या नदीकाठच्या नाचघरात नेतो. नाचघर रिकामे आहे, आणि मांदा आणि मारी वॉल्ट्‌झच्या गिरक्या घेत आपल्यापासून दूर दूर जात आहेत. ही आठवण आहे, स्वप्न आहे की मरणोत्तर भेट, हे तो सांगत नाही. मला वाटते, सांगायची गरजही नाही. पहिल्या भेटीत ती दुसऱ्याच्या हातात नाचत मांदाकडे मान वळवून पाहत होती. इथे तिला मान वळवावी लागत नाही.

उंबरठा

मला एक गोष्ट अस्वस्थ करते. झोझे जिओव्हानी हा साधा चोर नव्हता. युद्धानंतरच्या खून-प्रकरणात त्याला 1948 मध्ये देहदंडाची शिक्षा झाली होती, ती नंतर कमी करण्यात आली आणि 1956 मध्ये तो सुटला. जर्मनांशी असलेल्या त्याच्या सहकार्याची माहिती 1993 मध्ये स्वित्झर्लंडच्या वृत्तपत्रांनी उघड केली. ‘ल त्रू’ पाहताना आपण त्या पाचही कैद्यांच्या बाजूने इतके होतो की त्यांनी बाहेर काय केले असेल हा विचारच मनात येत नाही. ही उणीव नाही का?

केतकी_पाने

उंबरठा, प्रश्न रास्त आहे. 1993 मध्ये जे उघड झाले ते बेकेरला 1960 मध्ये ठाऊक असण्याचे कारण दिसत नाही, पण तेवढ्याने प्रश्न संपत नाही हे मलाही मान्य आहे. चित्रपटापुरते बोलायचे तर कैद्यांचे गुन्हे मुद्दाम अंधारात ठेवले आहेत, आणि ज्या एकाचे प्रकरण आपल्याला कळते तो म्हणजे नवा आलेला गास्पार. बायकोने खुनाच्या प्रयत्नाचा आरोप केलेला, सभ्य बोलणारा, अधिकाऱ्यांशी अदबीने वागणारा तरुण. बाकीच्या चौघांना आपण त्यांच्या हातांच्या कामावरून ओळखतो, गास्पारला त्याच्या बोलण्यावरून. सगळा ताण या फरकावर उभा आहे. याहून अधिक लिहिले तर शेवट फुटेल.

सांजवात

केतकीताईंशी मी सहमत आहे, आणि उंबरठा यांची अस्वस्थताही मला सोडवून टाकता येत नाही. हा चित्रपट दुसऱ्यांदा पाहताना ती माझ्यासोबत होती, यापुढेही राहील.

‘मोंपार्नास 19’ (1958) राहिला होता, तोही इथेच नोंदवतो. हा चित्रपट माक्स ओफ्युल्स करणार होता. तो 1957 च्या मार्चमध्ये गेला आणि काम बेकेरकडे आले. पटकथाकार आंरी झांसाँशी त्याचे तीव्र मतभेद झाले. चित्रकार मोदिल्यानीच्या अखेरच्या दिवसांची ही कथा आहे आणि झेरार फिलीप त्यात मोदिल्यानी आहे. दुसऱ्याच्या हातून आलेले काम म्हणून तो थोडा विस्कळीत आहे, पण शेवटचा प्रसंग पूर्णपणे बेकेरचा. चित्रविक्रेता मोरेल, म्हणजे लिनो व्हेंतुरा, मोदिल्यानीच्या मृत्यूची बातमी घरी पोहोचण्याआधी त्याची सहचारिणी झान हिच्याकडे येतो आणि एकामागून एक चित्रे विकत घेत सुटतो. अखेर कुणीतरी चित्रे घेतो आहे या आनंदात ती डोळे भरून पाहत असते. कुणीही काही उलगडून सांगत नाही. फक्त एक माणूस भराभर चित्रे उचलतो आहे. हा व्हेंतुरा पूर्वी कुस्तीगीर होता, आणि त्याला पहिल्यांदा पडद्यावर आणले तेही बेकेरनेच, ‘ग्रिझ्बी’मध्ये.

गिरगावकर_परदेशी

या धाग्याला आपल्या मुंबईचा एक खरा दुवा आहे, तो कुणी सांगितला नाही म्हणून लिहितो. लुई माल या दिग्दर्शकाने 1968 च्या पहिल्या काही महिन्यांत भारतात फिरून जे चित्रण केले, त्यातून ‘कलकत्ता’ हा माहितीपट आणि ‘लँद फान्तोम’ ही सात भागांची मालिका तयार झाली. मालिकेचा शेवटचा भाग मुंबईवर आहे. माल, ध्वनिमुद्रक झाँ-क्लोद लोरो आणि कॅमेरामन एतिएन बेकेर असे तिघेच जण फिरत होते. एतिएन हा झाक बेकेरचा मुलगा. दुसरा मुलगा झाँ बेकेर पुढे दिग्दर्शक झाला.

मालिकेविषयी भारतात नाराजी झाली आणि ती अनाठायी होती असे मी म्हणणार नाही. मालचे निवेदन मला काही ठिकाणी उथळ वाटते. पण आवाज बंद करून नुसते चित्रण पाहिले तर रस्त्यावर, घाटावर, शेतात काम करणाऱ्या माणसांच्या हातांवर कॅमेरा ज्या सबुरीने थांबतो ते पाहताना, हा धागा वाचल्यावर, मला एतिएनच्या वडिलांची आठवण झाली. हा माझा योगायोगाचा कयासही असू शकेल.

सांजवात

हे नाते मला अजिबात ठाऊक नव्हते. मुंबईचा भाग मी या आठवड्यात पाहतो.

पिंपळपान

मी इतके दिवस नुसती वाचत होते. धागा वाचून ‘ल त्रू’ काल पाहिला. बेकेरचा मी पाहिलेला हा पहिलाच चित्रपट. दोन तासांहून थोडा अधिक लांब आहे आणि कैदी भुयार खोदतात यापलीकडे त्यात फारसे काही घडत नाही, तरी मध्ये उठून पाणी प्यायचेही मला सुचले नाही.

सांजवात यांनी सांगितलेला फरशीचा प्रसंग येणार हे ठाऊक असल्याने मी त्याची वाट पाहत होते. तो आला, आणि खरोखरच पहिल्या घावाला मी आवाज कमी केला, रात्र होती आणि शेजारी जागे होतील असे वाटले. पण माझ्या लक्षात राहिले ते त्याआधीचे एक लहान दृश्य. कैद्यांना घरून आलेले खाण्याचे डबे पहारेकरी तपासतो. एकाच सुरीने तो सॉसेज कापतो, लोणी कापतो, जॅममध्ये सुरी फिरवतो, पुन्हा तीच सुरी दुसऱ्या पदार्थात घालतो. त्याच्या मनात दुष्टावा नाही, तो त्याचे काम करतो आहे. मग तो सगळा काला कोठडीत येतो आणि ज्याच्या घरचे आहे तो सर्वांना वाटून देतो, नव्या आलेल्या गास्पारलासुद्धा. शेवटी रोलां गास्पारकडे पाहून जे दोन शब्द बोलतो ते ऐकताना मला ते वाटून घेतलेले खाणे आठवत होते.

आता ‘ग्रिझ्बी’ पाहणार आहे.